विजेचा दाब : उतरविलेला आणि गळालेला

राहुरी किंवा नेवासें तालुक्यांतील एखाद्या मळ्यावरच्या वस्तींत पाहुणा म्हणून गेलेल्या माणसास एक गोष्ट सहज जाणवते. छताचा पंखा चांगला गरगर फिरत असतो. इतक्यांत उसाला पाणी देण्याची वेळ होते, आसपासच्या विहिरींवरील मोटारी एकामागून एक चालूं होतात, आणि पंख्याचीं पातीं मोजतां यावींत इतका तो मंदावतो. घरधनी वर न पाहतांच म्हणतो, ‘व्होल्टेज उतरलें.’ पाहुणा शहरांतला असला तर त्यास वाटतें कीं दूरच्या वीजकेंद्रांतूनच वीज कमी सुटली. वास्तविक केंद्रांत कांहींच बिघडलेलें नसतें. जें उणें झालें तें बहुधा त्या वस्तीपासून हांकेच्या अंतरावर, शेताच्या बांधावरून गेलेल्या तारांमध्यें झालेलें असतें.

गंमत अशी कीं विजेचा दाब उतरविणें हें एरवीं विद्युत्शास्त्रांतील अत्यंत आवश्यक काम आहे. राहाता तालुक्यांतील बाभळेश्वर येथें ४,००,००० व्होल्ट दाबाच्या तारा येतात. ती वीज घरांतील पंख्यास २३० व्होल्टांनीं मिळते, ती मधल्या प्रत्येक पायरीवर दाब जाणूनबुजून खालीं आणला म्हणूनच. तेव्हां दाब उतरण्याचे प्रकार दोन : एक माणसानें उतरविलेला, दुसरा वाटेंत आपोआप गळालेला. या दोहोंतील भेद ज्यास कळला त्यास शेतकऱ्याची मोटार कां जळते याचेंही उत्तर मिळतें. आणि मोटार जळणें ही ऐन उन्हाळ्यांत लहान आपत्ति नव्हे. मोटार बांधून येईपर्यंतच्या आठवड्यांत उभें पीक वाळतें.

प्रथम दाब म्हणजे काय तें पाहिलें पाहिजे. प्रवरा नदीचें पाणी अकोलें तालुक्यांत भंडारदरा येथें १९१० ते १९२६ या काळांत बांधलेल्या धरणानें अडविलें आहे. त्या उंचावरील पाण्यांत खालीं येण्याची जी ओढ असते तिच्या जागीं विजेचा दाब समजावा. तो व्होल्टांत मोजतात. दर क्षणीं किती पाणी वाहतें, त्याच्या जागीं विजेचा प्रवाह. तो अँपियरांत मोजतात. पाटाची अरुंदी व खडबडीतपणा यांच्या जागीं तारेचा रोध. त्याचें माप ओहम. आतां धरणांतील पाणी दोन वाटांनीं खालीं येऊं शकतें. धरणाच्या मोरीतून तें खडकांवर सोडलें म्हणजे पर्यटक ज्याला अंब्रेला धबधबा म्हणतात तो दिसूं लागतो. देखावा सुंदर, पण पाण्याची सारी शक्ति फेस आणि तुषार यांत जाते. तेंच पाणी वीजघरांतील चक्रावरून नेलें तर चक्र फिरतें, जनित्र फिरतें आणि वीज निर्माण होते. उंची दोन्ही वाटांनीं सारखीच उतरली. एका वाटेनें तिचें मोल वसूल झालें, दुसरीनें झालें नाहीं. विजेचा दाब कमी करण्याच्या ज्या अनेक रीति आहेत त्या सर्व या दोन वाटांपैकीं कोणत्या तरी एकीवर जाऊन बसतात.

पहिली वाट धबधब्याची, म्हणजे रोधाची. समजा, अमेरिकेंतून परतलेल्या कुटुंबानें तिकडचा एक साठ वॅटचा तापतारेचा दिवा सोबत आणला. तिकडे घरगुती दाब १२० व्होल्ट, येथें २३०. दिव्यास अर्धा अँपियर प्रवाह लागतो. त्याच्या मार्गांत २२० ओहमचा रोधक घातला तर त्या रोधकावर ११० व्होल्ट उतरतात आणि दिव्यास उरलेले १२० बरोबर मिळतात. दिवा लागला खरा. परंतु रोधकांत ५५ वॅट शक्ति निव्वळ उष्णता होऊन गेली. साठ वॅटचा प्रकाश घेण्यासाठीं जवळजवळ तितकीच वीज हवेंत सोडावी लागली. याहून मोठी खोड पुढेंच आहे. तो दिवा काढून त्या जागीं तीस वॅटचा दिवा बसविला तर तोच रोधक कमी दाब उतरवितो, आणि बिचाऱ्या लहान दिव्यावर दीडशें व्होल्टांहून अधिक दाब येऊन तो जळतो. रोधकावर उतरणारा दाब किती, हें त्यांतून प्रवाह किती जातो त्यावर अवलंबून असतें. प्रवाह वाढला कीं उतार वाढतो, प्रवाह थांबला कीं उतारही नाहींसा होतो. हा नियम ध्यानांत ठेवावयास हवा, कारण मळ्यांतील पंख्याचें गूढ याच्याच पोटांत आहे.

म्हणून रोधक अगदींच टाकाऊ असें मात्र नव्हे. जेथें शक्ति अत्यल्प तेथें त्यासारखी स्वस्त व सुटसुटीत युक्ति दुसरी नाहीं. रेडिओचा आवाज लहान करण्यासाठीं जी खुंटी फिरवितात तिच्या खालीं बहुधा एक रोधकपट्टी असते; तिच्यावरून सरकणारा स्पर्शक ध्वनीच्या विद्युत्दाबाचा हवा तेवढाच वांटा पुढें पाठवितो. येथें वाया जाणारी शक्ति इतकी क्षुल्लक असते कीं तिचा विचारही करूं नये. पंख्याचा जुना रेग्युलेटर मात्र याच जातीचा असून उधळ्या होता. भिंतीवरील त्या पेटींत तारांचीं वेटोळीं असत. पंखा मंद केला कीं पेटी तापे, आणि वीज वाचली असें घरांतील मंडळींस वाटे तें बरेंचसें भ्रामक असे. आतांच्या रेग्युलेटरांत त्या जागीं कपॅसिटर, म्हणजे पूर्वीं ज्यास कंडेन्सर म्हणत तो, बसवितात. उलटसुलट वाहणाऱ्या प्रवाहाच्या एका हेलकाव्यांत तो शक्ति सांठवितो व पुढच्या हेलकाव्यांत परत करितो. दाब उतरतो, परंतु पेटी तापत नाहीं.

दुसरी वाट चक्राची. तिचें मुख्य साधन ट्रान्स्फॉर्मर. रोहित्र हें त्याचें मराठी नांव आतां चांगलें रूढ झालें आहे. शेतकरी मात्र त्याला डीपी म्हणूनच ओळखतो. लोखंडाच्या पातळ पत्र्यांच्या गाभ्यावर तांब्याच्या किंवा ॲल्युमिनियमच्या तारेचीं दोन वेटोळीं. दोहोंचा एकमेकांस स्पर्श नाहीं. पहिल्या वेटोळ्यांतून उलटसुलट प्रवाह वाहूं लागला कीं गाभ्यांतील चुंबकत्व सेकंदांत पन्नास वेळां एकीकडे व पन्नास वेळां दुसरीकडे झुलतें, आणि त्या झुलण्यानें दुसऱ्या वेटोळ्याच्या प्रत्येक फेऱ्यांत थोडथोडा दाब उत्पन्न होतो. पहिल्यांत हजार फेरे व दुसऱ्यांत शंभर असले तर दाब दशांश होतो. पण शक्ति कोठें गेली? कोठेंच गेली नाहीं. दाब दशांश झाला तसा प्रवाह दसपट मिळाला. चांगल्या रोहित्रांत शंभर भागांपैकीं अठ्ठ्याण्णव किंवा त्याहून अधिक भाग शक्ति सुखरूप पार पडते, आणि फिरणारा असा एकही भाग त्यांत नसतो. मायकेल फॅरडे यानें यामागचें तत्त्व १८३१ सालीं दाखविलें. पण बाजारांत चालेल असें रोहित्र तयार होण्यास अर्धें शतक लोटलें. १८८५ सालीं बुडापेस्ट येथील गांझ कारखान्यांतील झिपर्नोव्स्की, ब्लाथी व डेरी या तिघांनीं तें सिद्ध केलें. जगांत उलटसुलट प्रवाहाची सरशी झाली तिचें मोठें श्रेय या मुक्या पेटीलाच आहे, कारण एकाच दिशेनें वाहणाऱ्या विजेला रोहित्र दाद देत नाहीं.

तशा एकदिश विजेचा दाब उतरविणें किती महाग पडे याचें उदाहरण मुंबईकरांनीं अनेक वर्षें पाहिलें आहे. १९२५ सालच्या ३ फेब्रुवारीस बोरीबंदर ते कुर्ला अशी पहिली विजेची गाडी धावली ती १५०० व्होल्टांच्या एकदिश विजेवर. स्टेशनांतून सुटतांना इंजिनाच्या मोटारींना सारा दाब एकदम देतां येत नसे. म्हणून मार्गांत मोठाले रोधक घालीत व वेग वाढेल तसतसे ते एकेक करून वगळीत. प्रत्येक वेळीं गाडी हलली कीं कांहीं वीज अशी केवळ तापण्यांत जाई. आज दौंडकडून नगरमार्गें मनमाडला जाणारें विजेचें इंजिन २५,००० व्होल्टांची उलटसुलट वीज घेतें आणि आपल्या पोटांतील रोहित्रानेंच ती हवी तितकी उतरवितें. एकदिश वीज उतरविण्याची चांगली रीति पुढें सांपडली ती अर्धवाहकांच्या युगांत. विजेची कळ सेकंदास हजारों वेळां उघडमीट करावयाची, आणि मिळालेले तुटक झोत वेटोळें व कपॅसिटर यांच्या साह्यानें एकसारखे करावयाचे. कळ जितका वेळ मिटलेली तितका दाब पुढें जातो. मोबाइलच्या चार्जरांत हेंच काम चालतें. आणि झुलणें इतकें जलद असल्यानें आंतील रोहित्र सुपारीएवढें असलें तरी भागतें. जुन्या काळचे जड, गरम होणारे चार्जर ज्यांनीं हाताळले आहेत त्यांस हा फरक तळहातावरच कळला असेल.

आतां पुन्हा जिल्ह्यांत येऊं. २०२४ सालीं ज्याचें नांव अहमदनगर बदलून अहिल्यानगर झालें, त्या जिल्ह्याच्या नकाशावर विजेच्या पायऱ्या नद्यांच्या खोऱ्यांइतक्याच स्पष्ट काढतां येतील. बाभळेश्वरला ४,००,००० चे २,२०,००० व्होल्ट होतात. पुढें १,३२,०००, मग ३३,०००, मग गांवाजवळच्या उपकेंद्रांत ११,०००, आणि शेवटीं खांबावरील रोहित्रांत ४३३. शेतावरील तीन तारांच्या मोटारीस ४१५ व्होल्ट पुरेसे असतां रोहित्र ४३३ चें कां, असें कोणी विचारील. वाटेंतील तारांत थोडा दाब गळणार हें गृहीत धरूनच ते अठरा व्होल्ट वर ठेविलेले आहेत. शास्त्रानें गळतीची तरतूद आधींच करून ठेविली. फक्त ती किती व्हावी याची जी कल्पना मनांत होती तिला बागाइती पट्ट्यानें केव्हांच मागें टाकलें.

हें घडलें तें एका दिवसांत नव्हे. श्रीरामपूर येथें १९६९ मध्यें स्थापन झालेली मुळा-प्रवरा वीज सहकारी संस्था ही देशांतील पहिल्या ग्रामीण वीज सहकारी संस्थांपैकीं एक. २०११ पर्यंत त्या भागांतील वीजवांटप तिच्याकडे होतें. पाटाच्या पाण्यानें पाझर वाढला, विहिरींना पाणी लागलें, ऊस आला, आणि प्रत्येक विहिरीवर मोटार आली. रोहित्र ही महागाची वस्तु, तार स्वस्त. म्हणून येथेंच नव्हे, देशांत सर्वत्र रिवाज असा पडला कीं मध्यें कोठें तरी एक मोठें रोहित्र उभारावयाचें आणि तेथून कमी दाबाच्या तारा चहूंकडे लांबवावयाच्या. नवीन विहीर झाली कीं चार खांब आणखी पुढें.

या लांबलेल्या तारांचा हिशेब मांडून पाहण्यासारखा आहे. पांच अश्वशक्तीची एक मोटार सुमारें सात अँपियर प्रवाह घेते. रोहित्रापासून एक किलोमीटरवर अशा दहा मोटारी आहेत असें धरूं. प्रत्येक तारेंतून सत्तर अँपियर जाणार. खेडोपाडीं वापरली जाणारी एक सामान्य ॲल्युमिनियमची तार घेतली तर तिचा किलोमीटरचा रोध ओहमच्या नऊ दशांशांएवढा भरतो. म्हणजे प्रत्येक तारेंत साठांहून अधिक व्होल्ट गळाले, आणि रोहित्राशीं ४३३ असलेला दाब मोटारींपाशीं ३२० च्या आसपास उरला. तिन्ही तारा मिळून तेरा किलोवॅट शक्ति वाटेंत उष्णता होऊन गेली. रोहित्रांतून निघालेल्या शक्तीचा हा जवळजवळ तिसरा हिस्सा. अमेरिकेच्या दिव्यासाठीं घातलेला रोधक आणि बांधावरची ही तार यांत तत्त्वतः कांहींही फरक नाहीं. रोधक माणसानें जाणून बसविला. तारेचा रोधक आपोआप बसला, इतकेंच. मोटारी बंद झाल्या कीं प्रवाह थांबतो, गळती थांबते, आणि वस्तीवरचा पंखा पूर्ववत् गरगरूं लागतो.

गळालेल्या दाबाचा मार मोटारीस कसा बसतो तें पुष्कळांस उलटें वाटतें. दाब कमी झाला तर मोटार कमी तापावी असा सामान्य तर्क आहे, आणि तो दिव्याच्या बाबतींत खराही आहे. परंतु विहिरीवरील मोटारीस पाणी तितक्याच उंचीवर चढवावयाचें असतें. तिची पीळ देण्याची ताकद दाबाच्या वर्गाच्या प्रमाणांत घटते. ४१५ चे ३२० झाले कीं ती ताकद सुमारें साठ टक्केच राहते. मग मोटार रखडते आणि काम निभावण्यासाठीं अधिक प्रवाह ओढते. अधिक प्रवाहानें वेटोळीं तापतात, त्यांवरील रोगण करपतें, आणि वास आला तेव्हां वेळ निघून गेलेली असते. शिवाय वाढलेला प्रवाह तारेंत आणखी दाब गाळतो, म्हणजे शेजारच्या मोटारीचीही तीच गत. दाब टिकविण्यासाठीं कोणी घरांत स्टॅबिलायझर बसवितो. त्याच्या पुरतें भागतें, पण तें यंत्रही उणा दाब भरून काढण्यासाठीं तारेंतून जास्त प्रवाहच घेतें. एकाच्या घरीं चढलेले व्होल्ट थोडेफार दुसऱ्याच्या घरांतून उतरलेले असतात.

सर्वांत मोठी ओढ असते ती सुरू होण्याच्या क्षणीं. उभी असलेली मोटार चालूं होतांना नेहमींच्या सहापट प्रवाह घेते. येथें मात्र मुद्दाम दाब उतरविणें उपकारक ठरतें. स्टार-डेल्टा स्टार्टर मोटारीच्या वेटोळ्यांची जोडणी क्षणभर अशी बदलतो कीं प्रत्येकावर ४१५ ऐवजीं २४० व्होल्टच पडतात, आणि तारेंतून ओढला जाणारा प्रवाह एक तृतीयांश होतो. मोटारीनें वेग घेतला कीं जोडणी मूळची करितात. सुरुवातीची ताकदही एक तृतीयांशच मिळते, पण पंपाला आरंभीं फारसें ओझें नसल्यानें तें चालतें. पांच अश्वशक्तीपर्यंतच्या मोटारींस बहुधा ही सोय नसते, आणि नेमक्या त्याच संख्येनें अधिक. त्यांत ऑटोस्विचची भर पडली आहे. वीज रात्रीं-अपरात्रीं येते, अंधारांत सापाकिरडांतून विहिरीवर कोणी जावें? म्हणून शेतकरी असा स्विच लावतो कीं वीज आली कीं मोटार आपोआप चालूं व्हावी. त्याची अडचण खरी आहे. त्यास नांवें ठेवणें शहरांत बसून सोपें आहे. परंतु दहाही मोटारी एकाच क्षणीं उठूं पाहतात तेव्हां सत्तरांच्या जागीं चारशें अँपियरची मागणी होते, आणि शंभर के.व्ही.ए.च्या रोहित्राची मर्यादा तर १३३ अँपियरच्या जवळपास. दाब इतका कोसळतो कीं कोणतीच मोटार धड उठत नाहीं, सगळ्या घुमत राहतात, आणि फ्यूजच्या जागीं जाड तार बांधलेली असली तर रोहित्रच जळतें.

उपाय अनेक आहेत. कांहीं स्वस्त, कांहीं महाग. मोटारीशेजारीं योग्य मापाचा कपॅसिटर बसविला तर मोटारीच्या चुंबकत्वासाठीं लागणारा प्रवाह जागच्या जागीं पुरविला जातो, तारेंतील ओझें हलकें होतें आणि शेवटच्या टोकाला दाब कांहींसा सुधारतो. हा सर्वांत स्वस्त उपाय, आणि म्हणूनच कीं काय, सर्वांत उपेक्षित. रोहित्राच्या वेटोळ्यावरील जोड बदलून दाब थोडा चढविण्याचीही सोय असते. पण मोटारी बंद झाल्या कीं तोच चढविलेला दाब जवळच्या घरांतील दिव्यांवर येतो, म्हणून ती युक्ति बेतानेंच वापरावी लागते.

मुळावरचा उपाय वरच्या हिशेबांतच दडलेला आहे. त्याच किलोमीटरभर तारेंतून तीच शक्ति ११,००० व्होल्टांनीं नेली तर दाब पंचवीसपट झाल्यामुळें प्रवाह सत्तरांवरून तीन अँपियरच्या आंत येतो. नासाडी प्रवाहाच्या वर्गाच्या प्रमाणांत असल्यानें ती सहाशेंपटींहून अधिक घटते : तेरा किलोवॅटच्या जागीं वीस वॅट. तेव्हां जास्त दाबाची तार विहिरीजवळ न्यावी, आणि एकदोन शेतकऱ्यांपुरतें दहा, सोळा किंवा पंचवीस के.व्ही.ए.चें लहान रोहित्र तेथेंच खांबावर बसवावें, असा हा विचार. महाराष्ट्रांत २०१८ सालीं उच्च दाब वितरण प्रणाली या नांवानें कृषिपंपांसाठीं ही योजना हातीं घेण्यांत आली. तिचा आणखी एक गुण तांत्रिक नसून माणसाच्या स्वभावाचा आहे. रोहित्र दोघांचेंच असलें म्हणजे त्यावर तिसऱ्यानें आंकडा टाकला तर तो कोणी खपवून घेत नाहीं. आणि ११,००० व्होल्टांच्या तारेवर आंकडा टाकण्याचें धाडस कोणी करीत नाहीं.

पारनेर तालुक्यांतील राळेगणसिद्धी येथें २०१७ सालीं मुख्यमंत्री सौर कृषिवाहिनी योजनेच्या आरंभींच्या प्रकल्पाची पायाभरणी झाली. उपकेंद्राजवळच सूर्यप्रकाशापासून वीज करावयाची व ती दिवसाच पंपांना द्यावयाची, ही कल्पना शेतकऱ्यास रात्रीच्या फेऱ्यांतून सोडविणारी आहे, आणि ऑटोस्विचची गरजच तिनें उरत नाहीं. पण रोहित्रापासून विहिरीपर्यंतची शेवटची लांब तार जशीच्या तशी राहिली तर उन्हाची वीजही त्या तारेंत तितकीच गळेल.

लहान रोहित्रांविरुद्ध एक आक्षेप घेतला जातो, आणि तो निराधार नाहीं. मोटार चालूं असो वा बंद, रोहित्राला जोडणी असेपर्यंत त्याचा गाभा झुलत राहतो व थोडी वीज खात राहतो. एका मोठ्या रोहित्राच्या जागीं पांच लहान आलीं तर ही खाबूगिरी कांहींशें वॅटच्या घरांत जाते. त्यांची किंमतही एका मोठ्याहून जास्त पडते. खाबूगिरी साडेतीनशें वॅटची धरली आणि ती अहोरात्र चालली तरी दिवसाचीं आठ-नऊ युनिटें होतात. बांधावरच्या लांब तारेंत दहा मोटारी आठ तास चालल्या तर तेवढ्यांत शंभरांहून अधिक युनिटें जातात.